फोटोतल्या मुलीचं नाव

कॉम्रेड मित्रमैत्रिणींनो,

१९ जुलैला सकाळी आपल्या गटावर दरवर्षीप्रमाणे पोस्टर आलं. लाल-काळा झेंडा, ‘निकाराग्वाची क्रांती चिरायू होवो’, तळाशी तिथले आजचे सत्ताधीश कॉम्रेड दानिएल ओर्तेगांना क्रांतिकारी अभिवादन आणि मधोमध एका पोरसवदा मुलीचा कृष्णधवल फोटो. बेरे टोपी, ढगळ लष्करी शर्ट, नजर थेट कॅमेऱ्यात. चहा होईस्तोवर त्याखाली वीसेक लाल सलाम पडले होते. त्यातला एक माझा. मग चष्मा लावला, फोटो मोठा केला आणि आपण काय करून बसलोय ते कळलं.

ती मुलगी दोरा मारिया तेयेस, १९७९ च्या त्या क्रांतीतली कमांडर. त्याच पोस्टरवर आपण ज्यांना अभिवादन केलं, त्या ओर्तेगांच्या पोलिसांनी तिला १३ जून २०२१ रोजी उचललं. ६०५ दिवस तुरुंगात ठेवलं, तेही एकांत कोठडीत. मग विमानात बसवून अमेरिकेला रवाना केलं आणि तिचं नागरिकत्व काढून घेतलं.

हे गटावर लिहिलं असतं तर दहा मिनिटांत कुणाच्या तरी नातवाच्या वाढदिवसाखाली गाडलं गेलं असतं. म्हणून हे पत्र उघड लिहितेय. राग माझ्यावरही आहे, तो आधी सांगून टाकते. गेली पाच-सहा वर्षं मला हे तुकड्यातुकड्यांनी माहीत होतं आणि मी गप्प होते.

माझ्या आयुष्यात निकाराग्वा आला तो १९८५ च्या मे महिन्यात, शिबिरात. शाळेची पडवी, भिंतीला जगाचा नकाशा आणि वेताच्या छडीने देश शोधणारे आपले वक्ते. छडीच्या टोकाखाली अख्खा देश झाकला गेला तेव्हा आपण सगळे हसलो होतो, आठवतं? मध्य अमेरिकेतला, महाराष्ट्राच्या निम्म्याहूनही लहान देश. त्या दुपारी त्यांनी सांगितलेलं साक्षरतेचं प्रकरण मी विसरले नाही. १९७९ च्या क्रांतीला वर्षही झालं नव्हतं. २३ मार्च १९८० ला शाळा-कॉलेजं बंद ठेवून साठेक हजार पोरंपोरी खेड्यांत गेली. पाठीवर झोळणा, हातात कंदील. पाच महिने शेतकऱ्यांच्या घरात राहायचं, दिवसा त्यांच्याबरोबर राबायचं, रात्री शिकवायचं. स्वर शिकवायला शब्द निवडला होता ‘ला रेवोलुसिओन’, म्हणजे क्रांती. स्पॅनिशचे पाचही स्वर त्यात बसतात. मोहिमेचे प्रमुख होते फर्नांदो कार्देनाल, जेझुइट पाद्री. क्रांतीने हाकललेल्या हुकूमशहा सोमोसाच्या पळालेल्या गार्डांनी, म्हणजे सैनिकांनी, यातल्या काही शिक्षकांना ठार केलं, तरी मोहीम थांबली नाही. सरकारी आकड्यांप्रमाणे निरक्षरता निम्म्या लोकसंख्येवरून सुमारे १३ टक्क्यांवर आली. युनेस्कोने गौरव केला.

पुढे सहा-सात वर्षांनी आमच्या सिंधुदुर्गात साक्षरता अभियान आलं तेव्हा मी कंदील उचलला तो त्या दुपारच्या भरवशावर. माझ्या वर्गात पन्नाशीची एक बाई यायची. तिला सही शिकायची नव्हती. ‘सही करून काय करू, अंगठो बरो हा,’ म्हणायची. तिला आकडे हवे होते. महिन्याभराने ती रेशनकार्ड घेऊन आली. कार्डावर रॉकेल पाच लिटर आणि तिच्या कॅनमध्ये येत होतं तीन. दुसऱ्या दिवशी तिने भर रांगेत कार्ड मोठ्याने वाचून दाखवलं. दुकानदार मला रस्त्यात गाठून म्हणाला, ‘बाई, तुमी ह्या काय शिकवतास?’

हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता त्या क्रांतीबद्दल. आपल्यातल्या तरुणांना ‘सोमोसा’ हे फक्त घोषणेतलं नाव वाटतं. १९३० च्या दशकापासून १९७९ पर्यंत त्या देशावर एका कुटुंबाची सत्ता होती: बाप, मग थोरला मुलगा, मग धाकटा. बापाच्या गार्डांनी १९३४ साली सान्दिनोला राष्ट्राध्यक्षांकडच्या जेवणावरून परतताना पकडून मारलं. अमेरिकी फौजांना सहा वर्षं जंगलात झुंजवणारा माणूस, तहाच्या बोलणीला आला आणि गेला. १९७२ साली नाताळाच्या तोंडावर राजधानी मानाग्वा भूकंपात जमीनदोस्त झालं, तर मदतीचे पैसे धाकट्याने आणि त्याच्या माणसांनी गिळले. गरिबांच्या रक्तातला प्लाझ्मा विकत घेऊन अमेरिकेला धाडणारी एक कंपनी होती, त्यातही त्याची भागीदारी. हे छापणारे संपादक पेद्रो होआकिन चामोरो यांना १० जानेवारी १९७८ ला भररस्त्यात गोळ्या घातल्या. लोकांनी त्या कंपनीची इमारत जाळून टाकली.

रस्त्यांचं तर आपल्याला फार ओळखीचं वाटेल. तिथे बरेच रस्ते सिमेंटच्या ठोकळ्यांचे. ‘अदोकीन’ म्हणतात, म्हणजे आपले पेव्हर ब्लॉक. ठोकळ्यांचा कारखाना सोमोसाचा. (आपल्याकडे नगरसेवकाचा मेहुणा असतो, तिथे थेट राष्ट्राध्यक्ष.) १९७९ साली वस्त्यांतल्या पोरांनी रस्ते उखडून त्याच ठोकळ्यांचे अडसर रचले आणि त्याच्याच मालाआडून त्याच्या गार्डांशी लढली. लोक त्यांना गनिम वगैरे म्हणत नसत, ‘लोस मुचाचोस’ म्हणत. आपली पोरं.

आपल्या पोस्टरवरची मुलगी त्यातलीच. वैद्यकीय शिक्षण अर्धवट टाकून गेलेली. २२ ऑगस्ट १९७८ ला गार्डांचे गणवेश घालून पंचवीस जणांनी संसद भरलेली असताना राष्ट्रीय प्रासाद ताब्यात घेतला. मोहिमेचं सांकेतिक नाव ‘डुकरांचं खुराडं’. ती तिसऱ्या क्रमांकाची कमांडर (मोजणी शून्यापासून, म्हणून नाव ‘कमांडर दोन’), वय बावीस. सोमोसाशी वाटाघाटी तिने केल्या, राजकीय कैदी सोडवून घेतले, आणि विमानतळाच्या रस्त्यावर लोक दुतर्फा उभे राहून टाळ्या वाजवत होते. वर्षभरात तिच्या नेतृत्वाखाली लेओन शहर पडलं. १७ जुलै १९७९ ला सोमोसा पळाला, १९ ला पोरं मानाग्वात शिरली. क्रांतीनंतर ती आरोग्यमंत्री झाली. त्या मोहिमेत दुसऱ्या क्रमांकावर होते हुगो तोरेस. त्यांच्याकडे येतेच.

अमेरिकेने काय केलं ते तुम्हाला मी सांगायला नको, आपण त्यावर मोर्चे काढलेत. कॉन्ट्रांना, म्हणजे क्रांतीविरोधी सशस्त्र टोळ्यांना, पैसा आणि बंदुका, शाळा-दवाखान्यांवर हल्ले, १९८४ साली बंदरांत सीआयएने पेरलेले सुरुंग. २७ जून १९८६ ला हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने अमेरिकेला दोषी ठरवलं तेव्हा न्यायालयाच्या अध्यक्षपदी आपले नगेंद्र सिंह होते. अमेरिकेने निकाल कचऱ्यात टाकला. त्या युद्धात तीसेक हजार माणसं मेली. ही बाजू मी एका अक्षरानेही पातळ करत नाही.

पण आपल्या शिबिरांत काही गोष्टी सांगितल्या जात नव्हत्या. १९८२ साली अटलांटिक किनाऱ्याकडच्या मिस्किटो आदिवासींची नदीकाठची गावं सान्दिनिस्तांनी, म्हणजे सान्दिनोचं नाव लावणाऱ्या ओर्तेगांच्या पक्षाने, रिकामी करवली, हजारोंना आत नेऊन वसवलं. घरं जाळली. धरणग्रस्तांसाठी आपण ज्या तोंडाने घोषणा दिल्या, त्या तोंडाने यावर काय म्हणालो असतो? त्यांनी पुढे चूक कबूल केली, १९८७ साली किनाऱ्याला स्वायत्ततेचा कायदा दिला, हेही खरं. सतरा-अठरा वर्षांच्या पोरांची सक्तीची लष्करभरती झाली, शवपेट्या गावोगाव येऊ लागल्या. १९८८ साली महागाई तीस हजार टक्क्यांच्या पुढे गेली. टक्के, रुपये नव्हे.

आणि २५ फेब्रुवारी १९९० ला लोकांनी मतपेटीतून त्यांना घरी बसवलं. व्हियोलेता चामोरो, त्या मारलेल्या संपादकांच्या पत्नी, ५४ टक्क्यांहून जास्त मतांनी जिंकल्या. सान्दिनिस्ता परत आले तर युद्ध चालू राहील, ही धास्ती अमेरिकेने लोकांच्या मानेवर ठेवलीच होती. तरी पहाटे ओर्तेगांनी पराभव मान्य केला आणि खुर्ची सोडली. बंदुकीने आलेले मताने गेले. हे त्यांच्या खात्यावर मी आजही जमा धरते.

निवडणूक ते सत्तांतर यात दोन महिने होते. त्या दोन महिन्यांना निकाराग्वात ‘पिन्याता’ म्हणतात. वाढदिवसाला खाऊ भरलेली हंडी टांगतात, पोरं डोळे बांधून काठीने फोडतात आणि पडेल ते उचलतात. आपली दहीहंडी समजा, फक्त थर न लावता. गरिबांच्या ताब्यातल्या घरांना कागद दिले गेले, ते योग्यच होतं. पण त्या गर्दीत नेत्यांनी बंगले, जमिनी, कंपन्याही उचलल्या. ओर्तेगा आजही मानाग्वाच्या एल कार्मेनमध्ये ज्या घरात राहतात, ते जप्त केलेलं घर हाइमे मोरालेस नावाच्या बँकरचं. हा गृहस्थ पुढे कॉन्ट्रांचा वाटाघाटी करणारा झाला आणि त्याहून पुढे, २००७ साली, ओर्तेगांचा उपराष्ट्राध्यक्ष. घर घेणारा आणि घर गमावलेला एका मांडवात. आपल्याकडच्या युत्या-आघाड्या बघून ज्यांचं डोकं फिरतं त्यांनी हे वाचून शांत व्हावं.

कारण मधल्या काळात ओर्तेगांनी आर्नोल्दो आलेमान यांच्याशी करार केला होता. उजव्यांचे नेते, पुढे भ्रष्टाचारात शिक्षा झालेले. दोघांनी मिळून न्यायालयं आणि निवडणूक यंत्रणा वाटून घेतली, आणि पहिल्या फेरीत जिंकायला ३५ टक्के मतंही पुरतील अशी सोय केली. २००६ साली ओर्तेगा ३८ टक्क्यांवर निवडून आले. त्या निवडणुकीच्या दहा दिवस आधी त्यांच्या पक्षाने उजव्यांबरोबर मतदान करून गर्भपातावर संपूर्ण बंदी आणली, बाईचा जीव जात असला तरी. चर्चशी समेट हवा होता ना. अमेरिकेशी झालेला मुक्त व्यापार करार त्यांनी मोडला नाही, बड्या उद्योजकांच्या संघटनेशी अकरा वर्षं गुण्यागोविंदाने संसार केला. हा सगळा काळ आपण त्यांना साम्राज्यवादविरोधाचा बुरुज म्हणत होतो.

बुरुजावरून आठवलं. २०१३ पासून मानाग्वाच्या चौकाचौकांत ओर्तेगांच्या पत्नी रोसारिओ मुरिल्यो यांच्या आवडीची लोखंडी झाडं उभी राहिली. पिवळी, गुलाबी, जांभळी, रात्री हजारो दिव्यांनी लखलखणारी, नाव ‘जीवनवृक्ष’. रोसारिओचं लाडकं नाव चायो, म्हणून लोक त्यांना ‘चायोपालो’ म्हणतात. लोखंडी झाडाला सावली नसते. मानाग्वाच्या उन्हात हे कुणाला सांगायला लागत नाही.

एप्रिल २०१८ मध्ये सरकारने वृद्धांच्या पेन्शनीतून ५ टक्के कापायचं ठरवलं. म्हातारे रस्त्यावर आले, त्यांना मारहाण झाली, मग विद्यार्थी आले. विद्यार्थ्यांना पाणी पोचवायला गेलेल्या पंधरा वर्षांच्या एका मुलाच्या गळ्यात गोळी लागली. ‘मला श्वास घेताना दुखतंय,’ हे त्याचे शब्द त्या देशात आज प्रत्येकाला माहीत आहेत. काही दिवसांत कपातीचा हुकूम मागे घेतला गेला, गोळीबार मात्र थांबला नाही. आंतर-अमेरिकी मानवाधिकार आयोगाने ३५५ मृत्यू मोजले. मारणारे माजी गार्ड नाहीत, कॉन्ट्रा नाहीत. पोलीस, आणि तोंडं बांधून पोलिसांबरोबर फिरणारे सशस्त्र लोक.

मासाया शहरातली मोनिम्बो ही मूळनिवासींची वस्ती. १९७८ साली सोमोसाविरुद्ध पहिल्यांदा उठली ती हीच. २०१८ मध्ये ती पुन्हा उठली, आणि पुन्हा तेच अदोकीन उखडून तसेच अडसर रचले गेले. आजोबांनी कुठला ठोकळा कसा बसवायचा हे नातवाला दाखवलं असणार. पोरांनी लोखंडी झाडं तळातून कापून पाडली. घोषणा होती, ‘ओर्तेगा ई सोमोसा, सोन ला मिस्मा कोसा’. ओर्तेगा नि सोमोसा, एकाच माळेचे मणी. सान्दिनोची जुनी घोषणा ‘स्वतंत्र मायभूमी किंवा मरण’ अशी होती. या पोरांनी ती बदलून ‘जगण्यासाठी स्वतंत्र मायभूमी’ केली. मुरिल्योबाईंनी त्यांना टीव्हीवरून चिमूटभर टोळकं म्हटलं, रक्तपिपासू म्हटलं. कधीकाळी ज्यांना ‘आपली पोरं’ म्हणायचे, त्यांच्याच वयाची ही पोरं.

आता हुगो तोरेस. डिसेंबर १९७४ मध्ये सोमोसाच्या एका बड्या असामीच्या घरी मेजवानी चालू असताना सान्दिनिस्तांनी घर ताब्यात घेतलं आणि ओलीसांच्या बदल्यात राजकीय कैदी सोडवले. छाप्यात तोरेस होते. सुटलेल्यांत सात वर्षं तुरुंगात काढलेले दानिएल ओर्तेगा होते. १३ जून २०२१ ला, दोरा मारियाला पकडलं त्याच दिवशी, तोरेस यांनाही पकडलं. पोलीस येणार हे ओळखून त्यांनी आधी एक व्हिडिओ करून ठेवला होता: सेहेचाळीस वर्षांपूर्वी दानिएलला तुरुंगातून सोडवायला मी जीव पणाला लावला होता. १२ फेब्रुवारी २०२२ ला ते कैदेतच गेले. वय ७३. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ, याहून वेगळं काय असतं?

आणि तुरुंगाचं नाव? एल चिपोते. सान्दिनो ज्या डोंगरावर मोर्चे बांधून अमेरिकी फौजांशी लढला, त्या डोंगराचं नाव.

त्याच काळात, जुलै २०२१ मध्ये, आपण मेणबत्त्या घेऊन चौकात उभे होतो. फादर स्टॅन स्वामींसाठी. ८४ वर्षांचा जेझुइट पाद्री, हाताला कंप, पाणी प्यायला स्ट्रॉ मागावी लागली, ५ जुलैला जामिनाची वाट बघत गेला. आपले घसे बसले होते त्या दिवशी, आणि बरोबरच होतं ते. सात महिन्यांनी तोरेस गेले तेव्हा आपल्या गटावर त्या दिवशी काय होतं ते मी मागे जाऊन पाहिलं. कुणाच्या तरी शेतातली कलिंगडं होती. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं, हे आपण मोदी-शहांना सुनावतो.

तुमचं उत्तर मला पाठ आहे, कारण ते मीही वर्षानुवर्षं दिलंय: आत्ता बोललो तर अमेरिकेच्या हातात कोलीत मिळेल. कोलीत त्यांच्याकडे आधीपासून आहे, आपल्या आगपेटीची त्यांना गरज नाही. आणि तुरुंगात गेलेले, हाकललेले कोण आहेत ते तरी पाहा. सेर्हिओ रामिरेस, ओर्तेगांचेच १९८५ ते ९० मधले उपराष्ट्राध्यक्ष, सेर्वान्तेस पुरस्काराचे मानकरी. कवयित्री जिओकोंदा बेली, सोमोसाच्या काळात जिने भूमिगत काम केलं. फेब्रुवारी २०२३ मध्ये २२२ कैद्यांना विमानात घालून वॉशिंग्टनला सोडलं, आठवड्याभरात आणखी ९४ जणांचं नागरिकत्व काढलं, त्यात ही दोघं. एर्नेस्तो कार्देनाल, क्रांतीचे कवी-पाद्री आणि तिचे पहिले सांस्कृतिक मंत्री, मार्च २०२० मध्ये वारले. त्यांची शवपेटी कॅथीड्रलमध्ये असताना ओर्तेगा समर्थक ‘गद्दार, गद्दार’ ओरडत होते. ओर्तेगांचा सख्खा भाऊ उंबेर्तो, क्रांतीचा सेनापती. एका मुलाखतीत दानिएलच्या पश्चात ही सत्ता टिकणार नाही असं बोलून गेला, नजरकैदेत पडला आणि सप्टेंबर २०२४ मध्ये तसाच मेला. हे सगळे सीआयएचे हस्तक? मग १९७९ ची क्रांती केली कुणी?

२०२५ च्या सुरुवातीला राज्यघटना बदलून नवरा-बायको दोघं ‘सहराष्ट्राध्यक्ष’ झाले. पक्षाचा लाल-काळा झेंडा राष्ट्रीय प्रतीकांत गेला. आपण पोस्टरवर लावतो तो हाच झेंडा.

आणि ऑगस्ट २०२३ मध्ये मानाग्वामधलं जेझुइटांचं मध्य अमेरिका विद्यापीठ सरकारने जप्त केलं. ‘दहशतवादाचं केंद्र’ हा आरोप. आठवड्याभरात अख्ख्या जेझुइट संघाची मान्यताच रद्द केली. फर्नांदो कार्देनाल याच संघाचे. पाच महिन्यांत देशाला वाचायला शिकवणारा माणूस २०१६ साली गेला, एका अर्थी सुटला. बातमी वाचताना मला रॉकेलवाला आठवला, हातातली पावती चुरगाळत रस्त्यात उभा. बाई, तुमी ह्या काय शिकवतास?

माझं मागणं फार नाही. गटाच्या वतीने निकाराग्वातल्या राजकीय कैद्यांच्या सुटकेचा आणि हिरावलेलं नागरिकत्व परत देण्याचा ठराव करावा, आपल्या नेहमीच्या भाषेत, अमेरिकेचा निषेध पहिल्या परिच्छेदात ठेवूनच. निकाराग्वाचं सरकार आपल्याला उत्तर देणार नाही हे मला ठाऊक आहे. १९८६ साली रीगननेही दिलं नव्हतं, तरी आपण तार केली होती. पैसे मी भरले होते.

आणि पुढच्या १९ जुलैला पोस्टर कराल तेव्हा फोटो तोच ठेवा, चांगला आहे. फक्त तळाची ओळ काढून फोटोखाली हे घाला, मी टाइप करून देतेय:

दोरा मारिया तेयेस. जन्म १९५५, मातागाल्पा. राष्ट्रीय प्रासादाच्या मोहिमेत ‘कमांडर दोन’. क्रांती सरकारात आरोग्यमंत्री. इतिहासकार. १३ जून २०२१ ते ९ फेब्रुवारी २०२३ ओर्तेगा सरकारच्या कैदेत. सध्या परदेशात.

तुमची,
सिंधुदुर्गातली निवृत्त शिक्षिका
(१९८५ च्या शिबिरात स्वयंपाकाची पाळी चुकवून भाषण ऐकायला बसलेली)